होडीसाठी अडवलेली पैनगंगा

वाशीम स्टेशनच्या खिडकीतल्या बाबूने कन्हेरगावची दोन तिकिटं पुढे सरकवली आणि विचारलं, “कोणत्या देवाला?”

“देवाला नाही, नदीला,” मी म्हटलं.

त्याचा चेहरा एकदम पडला. “अरेरे! कोणाच्या अस्थी?”

राग यायला सुरुवात झाली ती तिथून. दोन बायका, एक पिशवी, एक वळकटी आणि बरोबर पुरुष नाही, म्हणजे देव तरी असला पाहिजे, नाहीतर मयत तरी. नदी पाहायला, नदीत पोहायला, नदीकाठी रोडगे भाजून खायला बायका घराबाहेर पडतात, हे त्या भल्या माणसाच्या डोक्यात शिरणं शक्यच नव्हतं. माझी नणंद वत्सला मागून म्हणाली, “सांगा त्याला, वहिनी, अजून कोणी मेलं नाही म्हणून.” बाबूने खिडकी लावून घेतली.

मी वाशीमला मुलींच्या शाळेत भूगोल शिकवते. नाईलचा उगम, मिसिसिपीचं खोरं, सगळं रंगीत खडूंनी फळ्यावर काढून दाखवते. आणि आपल्या गावापासून आगगाडीने घटकाभराच्या वाटेवर असलेली पैनगंगा मी पाहिली होती ती फक्त डब्याच्या खिडकीतून, पुलाचा खडखडाट चालू असेपर्यंत. याची मला लाज वाटत असे. वत्सला सरकारी दवाखान्यात नर्स आहे. लहानपणी ती आसेगावाकडे मामांकडे राहिली आणि पाठीला वाळलेला भोपळा बांधून नदीत पोहायला शिकली. तिने लग्न केलेलं नाही. त्याबद्दल लोकांना जे वाटायचं ते वाटू दे. शाळेच्या आणि दवाखान्याच्या रजा एकदाच्या जुळल्या आणि आम्ही ठरवलं की कन्हेरगावला उतरायचं, तिथून नदीचा हात धरून वरच्या अंगाला चालत जायचं, वाटेत कुठे तरी मुक्काम करायचा आणि पुढे रिसोडच्या सडकेवर सर्व्हिस मोटार पकडून घरी यायचं. माझे यजमान म्हणाले, “जा, पण कोणाला सांगत बसू नका.” मी सगळ्या गल्लीला सांगितलं.

फाल्गुन संपत आला होता. छोट्या लाईनची ती गाडी धूर सोडत निघाली. दोन्ही बाजूंना वावरं मोकळी झाली होती, कापूस वेचून उरलेली पऱ्हाटी तेवढी काळ्या जमिनीवर उभी होती आणि मधूनमधून पळस असा फुलला होता की डोळ्यांना चटका बसावा. मग पूल आला. खाली पांढरी वाळू, तिच्या एका अंगाने निळसर पाण्याची बारीक धार, आणि गाडी पलीकडे.

पलीकडे. हा शब्द आमच्या भागात साधा नाही. दहा वर्षांपूर्वी या पुलाच्या अलीकडे वऱ्हाड होतं आणि पलीकडे निजामाचं राज्य. कन्हेरगावला लोक अजून ‘नाका’च म्हणतात, कारण तिथे करोडगिरीचं (जकातीचं) ठाणं असे. नदीच्या या काठावरून त्या काठावर गुळाची ढेप न्यायची तरी शिपायाला दाखवावी लागे. स्टेशनजवळच्या चहाच्या दुकानात एक म्हातारा बाकावर पाय घेऊन बसला होता. आम्ही नदी पाहायला आलो असं कळल्यावर तो हसला नाही, हे मी त्याच्या नावावर जमा धरते.

“पाहा की,” तो म्हणाला. “आम्ही पाह्यली तशी नका पाहू म्हंजे झालं. रझाकारांच्या वक्ताला सारं गाव हिच्यातून पल्याड गेलं. पाणी छातीइतकं व्हतं. म्हया मायला म्या पाठीवर घेतलं, अन् बायकूनं लेकरू डोक्यावर धरलं. वऱ्हाडच्या काठाला पाय टेकला तवा माय म्हणली, आता मरू दे मला, सुखानं मरते.”

“मग?” वत्सलाने विचारलं.

“मग काय, मेली नाही. चार वर्सं जगली अजून.” तो चहा बशीत ओतत म्हणाला. “आता दोन्ही काठ एकाच सरकारात आले म्हणत्यात. बरं झालं. नदीच्या मधात रेघ वढता येती का कुठं?”

मला त्याचं बोलणं फार आवडलं. रेघ ओढता येते, हे मला पुढे आठवड्याभरातच कळायचं होतं.

आम्ही रुळांच्या कडेने मागे येऊन पुलाखाली उतरलो. पैनगंगा आगगाडीतून दिसते त्याहून कितीतरी मोठी आहे. उन्हाळ्यात पाणी थोडं असतं, पण पात्र ऐसपैस. मधे काळ्या खडकांच्या लांबच लांब पाठी, त्यांच्यामध्ये हिरवेगार डोह, आणि डोहाडोहांना सांधणारी ती धार. काठाला उंबर, करंज आणि बाभळी. एक खंड्या पाण्यावर एका जागी पंख मारत थांबला आणि दगडासारखा खाली पडला. हिवाळ्यातले चक्रवाक अजून गेले नव्हते, वाळूच्या टोकाला जोडीने उभे होते. मी नकाशात ही नदी शेकडो वेळा निळ्या रेघेने काढली आहे. तिला वास असतो, उन्हात तापलेल्या शेवाळाचा, हे मी कधी कोणाला शिकवलं नव्हतं.

एका डोहाशी वत्सलाने काष्टा घट्ट खोवला आणि उडी घेतली. मी कमरेइतक्या पाण्यात बसून राहिले. तिला मधोमध उताणी तरंगताना पाहून मला इतकं बरं वाटलं की मीही हातपाय मारले, आणि नाकात पाणी गेलं तरी थांबले नाही. तेवढ्यात काठावरून सायकल हातात धरून चाललेला एक पांढऱ्या टोपीचा गृहस्थ थबकला.

“तुमच्यासंगं कोनी मानूस नाई काय?” त्याने ओरडून विचारलं.

“आम्ही दोन माणसं आहोत,” वत्सला पाण्यातून म्हणाली.

“गावातल्या बायका पाह्यतीन तं काय म्हनतीन? शिकल्यासवरल्या दिसता तुमी!”

“त्यांनाही पाठवा. पाणी पुष्कळ आहे.”

तो बराच वेळ पुटपुटत गेला. तो दिसेनासा होईपर्यंत आम्ही पाण्यात होतो ते केवळ हट्टाने, कारण तोवर आम्हा दोघींनाही थंडी भरली होती.

मग रोडगे. आमच्याकडे नदीवर जाणं आणि रोडगे यांची ताटातूट होत नाही. कणकेचे जाड गोळे गोवऱ्यांच्या विस्तवात भाजायचे, राख झटकून फोडायचे, आणि वांग्याच्या झणझणीत भाजीबरोबर खायचे. गोवऱ्या आम्ही कन्हेरगावातून मागून आणल्या होत्या. रोडगे छान फुगले. भाजीची वांगी मात्र मी धुऊन दगडावर ठेवली होती, आणि पाण्याला आलेल्या एका म्हशीने ती मी मान वळवायच्या आत खाल्ली. आम्ही रोडगे तिखट-मिठाशी खाल्ले, वत्सला हसून हसून आडवी झाली, आणि मला वाटलं, आता या प्रवासात रागावण्यासारखं काही उरलं नाही.

उन्हं कलल्यावर पुन्हा चालायला लागलो. वाळूत पाय रुततात, काठाने जावं तर सराटे. माझ्या चपलेचा अंगठा तुटला, तो मी दोरीने बांधला. तासाभरात वत्सला थांबली आणि म्हणाली, “वहिनी, धार कुठे गेली?”

खरंच, धार नव्हती. सकाळपासून आमच्या बाजूने चाललेलं ते पाणी बारीक होत होत वाळूत जिरलं होतं. खडकांच्या मधल्या खोलगटांत पाणी साचलं होतं, पण हलत नव्हतं. कडेला इंच दोन इंच ओल्या वाळूचा पट्टा दिसत होता, म्हणजे पाणी नुकतंच उतरलं होतं. एका डबक्यात बोटाएवढे मासे एकमेकांवर तडफडत होते आणि दोन बगळे घाई न करता त्यांना उचलत होते.

“उन्हाळा आहे,” मी म्हटलं.

“उन्हाळा एका दिवसात येत नाही,” वत्सला म्हणाली.

वळणापलीकडे डांगरवाडी लागली. डांगर म्हणजे खरबूज. पात्र उघडं पडलं की आमच्याकडे भोई लोक वाळूत लांब चर खणतात, त्यात खत घालून डांगर, टरबूज, काकडी लावतात, आणि जवळच झिरा (वाळूतला खड्डा, ज्यात खालून पाणी पाझरतं) खणून तांब्याने पाणी घालतात. एका पावसाळ्यापासून दुसऱ्या पावसाळ्यापर्यंत नदी ही त्यांची जमीन. ही वाडी चांगली मोठी होती. वेल दूरवर पसरलेले, फळं मुठीपासून डोक्याएवढी. पण पानं कोमेजून कागदासारखी लोंबत होती. एक तिशी-पस्तिशीची बाई कमरेवर घागर घेऊन दूरच्या डबक्यापासून येत होती. तिने घागर चरात रिकामी केली, पाणी चर्र करून वाळूत गेलं, आणि ती पुन्हा वळली.

तिचं नाव पारबता. आम्ही न विचारता तिच्या झोपडीतल्या दोन कळशा उचलल्या आणि तिच्या मागून निघालो. दिवस मावळेपर्यंत आम्ही तिघी त्या डबक्याला खेपा घालत होतो. तिने आमची चौकशी केली नाही. अंधार पडायला लागला तेव्हा ती बसली आणि म्हणाली, “झिरा आटला. पयले हात घातला का पानी लागे. आता मानूस उतरला तरी लागत नाई.”

“धार कशाने थांबली?” मी विचारलं.

“थांबली नाई वो बाई, थांबवली. मालकानं बांध घातला वर.”

“शेतीसाठी?”

“शेतीले काय करतो? शेत त्याचं हिरीवर हाय.” तिने ओंजळीतली वाळू खाली टाकली. “होडीसाठी.”

मला नीट ऐकू आलं नाही असं वाटलं. तिने पुन्हा सांगितलं. वरच्या गावचे मालक, म्हणजे तिथले मोठे जमीनदार, ज्यांचं नाव कोणी घेत नाही आणि मीही घेत नाही, त्यांच्याकडे नागपूरचे बडे पाहुणे आले होते. पाहुण्यांना जलविहार करवायचा होता. पात्रात होडी चालण्याइतकं पाणी नाही, म्हणून मालकांनी गावातली माणसं लावून नदी अडवली आणि मोटारीवर लादून कुठून तरी होडी आणली.

“आणि तुमचे यजमान कुठे आहेत?” वत्सलाने विचारलं.

पारबताने वर बांधाच्या दिशेला हात केला. मग म्हणाली, “तोच तं होडी चालवून राह्यला.”

किसन, तिचा नवरा, त्या टापूत पाण्यातला सगळ्यात तरबेज माणूस. मालकांनी त्यालाच बोलावलं. वाडीच्या काठची जमीन मालकांची, वाडीवर यायची वाट त्यांच्या वावरातून. नाही म्हणायची सोय नव्हती. तो रात्री उशिरा आला, आम्हाला पाहून संकोचला, भाकर खाल्ली, वेलांकडे न पाहता निजला.  मी झोपडीच्या दाराशी पडून होते आणि राग इतका होता की वळकटी टोचत असल्याचंही कळलं नाही. नदी पाण्यासाठी अडवतात, विजेसाठी अडवतात, हे मी शिकवलं आहे. मजेसाठी अडवतात, हे कोणत्याही पुस्तकात नाही.

सकाळी किसन गेला, आणि पाठोपाठ मी पारबताला म्हटलं, “मला मालकांकडे घेऊन चला. मी बोलते.”

“मी बोलली हावो दोनदा,” ती म्हणाली. “पन चला. तुमचं आयकतीन.”

बांध अर्ध्या कोसावर होता. मी मनात मोठं काही धरलं होतं. प्रत्यक्षात तो छातीइतका होता, वाळूची पोती, चिखल आणि पऱ्हाट्यांच्या पेंढ्या एकावर एक दाबून या काठापासून त्या काठापर्यंत घातलेला. आणि त्याच्यामागे, आमच्या बाजूला जिभेवर ठेवायला नव्हतं ते पाणी, तुडुंब, शांत. काठाला उंबराच्या सावलीत सतरंज्या, लोड, फराळाची ताटं, एक ग्रामोफोन. पाण्यावर निळी होडी, तिच्यात रेशमी कपड्यांतली माणसं आणि दोन मुलं, आणि वल्ह्यांवर किसन.

मालक स्वतः उठून सामोरे आले. ते उग्र असतील अशी माझी कल्पना होती. ते फार सभ्य होते.

“वाशीमच्या बाई? या, या. वा! शिक्षक मंडळी आमच्या नदीवर! बसा, पुढच्या फेरीत तुम्हीही होडीत बसा.”

मी म्हटलं, “खाली या लोकांच्या वाड्या वाळून चालल्या आहेत. फळ धरायच्या दिवसांत वेलांना पाणी नाही.”

“आहे, कल्पना आहे मला. चार दिवसांचा तर प्रश्न आहे, बाई. पाहुणे गेले की लगेच सोडून देऊ.”

“चार दिवसांत वेल मरतील.”

“वेल काय, पुढल्या वर्षी पुन्हा लावता येतात,” ते हसून म्हणाले. मग त्यांची नजर माझ्यामागे उभ्या असलेल्या पारबताकडे गेली आणि आवाज एकदम बदलला. “तू काहून आली वं? काल सांगतलं ना तुले? बाहेरच्या बायका घेऊन येतं काय माझ्या पाहुन्यांसमोर?”

“मालक, थोडं तं सोडा,” पारबता म्हणाली. “एका कोपऱ्यातून. होडी चालंन तुमची.”

“जाय. जाय म्हनतो ना.”

मी बोलायला तोंड उघडलं. काय बोलणार होते ते आता आठवत नाही, बहुधा नदी सर्वांची असते वगैरे काहीतरी, जे मी वर्गात बोलते. त्याची गरज पडली नाही. पारबता वळली, खाली जायच्या वाटेने नाही, बांधाकडे. लुगडं खोचून ती बांधावर चढली, मधोमध जाऊन बसली, आणि दोन्ही हातांनी पऱ्हाटीची एक पेंढी धरून ओढायला लागली.

“ए! ए!” मालक ओरडले.

पेंढी निघाली. तिच्या जागी मनगटाएवढं पाणी उसळून पलीकडे पडलं. पारबताने दुसरी पेंढी धरली, ती हलेना. तोवर वत्सला तिच्याजवळ पोचली होती. मी चप्पल तिथेच टाकली आणि काट्यांतून धावले. आम्ही तिघींनी ती पेंढी ओढली आणि तिच्याबरोबर एक पोतं घसरलं. पुढचं काम पाण्याने केलं. वाळूचा बांध एकदा वाहायला लागला की त्याला माणसाची मदत लागत नाही. आम्ही कशाबशा काठाकडे सरकलो आणि आमच्या डोळ्यांदेखत मधला भाग खचला. पाणी तपकिरी होऊन, गर्जत, कोरड्या पात्रात घुसलं.

काठावर आरडाओरडा झाला. ग्रामोफोन कोणीतरी बंद केला. होडी प्रवाहाला लागून बांधाकडे ओढली जाऊ लागली, आतली मुलं रडायला लागली. पण किसन होता. त्याने वल्हं टाकून पाण्यात उडी घेतली, होडीची दोरी खांद्यावर घेतली, पाण्याशी तिरका होत होडी एका खडकापर्यंत नेली आणि एकेका माणसाला उचलून वाळूवर उतरवलं. कोणाच्या केसाला धक्का लागला नाही. रेशमी लुगड्यातली एक बाई चिखलात उभी राहून आम्हाला म्हणाली, “मुलं घाबरली ना आमची! काही समजतं का तुम्हाला?”

वत्सला तिच्याजवळ गेली, दोन्ही मुलांच्या नाड्या पाहिल्या, पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाली, “मुलं ठीक आहेत. खाली पाण्यावाचून माणसं आहेत, ती ठीक नाहीत.” त्या बाईने मुलांना ओढून घेतलं.

मालकांनी फावडं किसनच्या हातात कोंबलं. “बुजव! आत्ता बुजव ते! अन् तुझ्या बायकोले आवर!”

किसन नखशिखान्त भिजला होता. त्याने फावड्याकडे पाहिलं, बांधातल्या खिंडाराकडे पाहिलं, पारबताकडे पाहिलं. सगळे त्याच्याकडे पाहत होते. मग त्याने फावडं वाळूत उभं रोवलं, अगदी हळू, जसं काम संपल्यावर रोवतात, आणि म्हणाला, “मालक, पानी जोरात हाय. आता बुजत नाई.”

“तू वाडी इसर मंग! उद्यापासून माझ्या वावरातून पाय टाकून दाखव!”

किसनने फावडं तिथेच राहू दिलं. तो आमच्याबरोबर निघाला. खाली पोचलो तेव्हा पाणी आमच्या आधी पोचलं होतं. झिरा भरून वाहत होता. पारबता चराच्या कडेला पालथी पडली आणि तिने तोंडावर पाणी मारून घेतलं. किसन पहिल्यांदाच वेलांकडे गेला आणि एकेक पान हातात धरून पाहू लागला. त्या दोघांचं भांडण मग सुरू झालं, चांगलं खडाजंगीचं.

“मले सांगतलं काहून नाई? लेकरं होती होडीत!”

“तुले सांगतलं असतं तं तू काय केलं असतं? वल्हं मारलं असतं!”

“मंग काय करतो? नाई म्हनतो? कोठी जातो आपन?”

आम्ही दोघी लांब जाऊन बसलो. त्या भांडणात आमची जागा नव्हती.

मी संध्याकाळी पारबताला म्हणाले, “तुम्हाला काही त्रास झाला तर आमचं नाव सांगा. बांध आम्ही तोडला असं सांगा.”

ती माझ्यावरच उखडली. “काहून सांगू? पयली पेंढी मी काढली. तुमी नाई.” मग म्हणाली, “तुमी मोटारीत बसून जाता, बाई. आमाले इथंच राहाचं हाय. तं मंग ते माह्या नावावरच राहू द्या.”

दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता खुरांच्या आवाजाने जाग आली. वाडीत गुरं होती. वीस-पंचवीस जनावरं, चुकून आलेली नाहीत, कारण काठावर काठ्या घेऊन उभे असलेले दोघे जण हसत होते. आम्ही चौघं ओरडत, दगड भिरकावत धावलो. एका बैलाने मला जवळजवळ आडवं केलं. गुरं बाहेर निघेपर्यंत वरच्या अंगाची वाडी संपली होती. फुटलेली टरबुजं, त्यांचा लाल गर वाळूत तुडवलेला, वेल उपसून पडलेले. खालची अर्धी राहिली. पारबता रडली नाही. तिने फुटलेल्यांतली खाण्याजोगी फळं बाजूला काढायला सुरुवात केली, आणि आमच्या पिशवीत दोन कोंबली. काठावरचे ते दोघे अजून उभेच होते. मी त्यांना आयुष्यात कोणाला दिल्या नाहीत अशा शिव्या दिल्या. वत्सला म्हणते, त्यातल्या दोन तिलाही नव्या होत्या.

दुपारी सडकेवर सर्व्हिस मोटार मिळाली. पिशवीतली दोन फळं सांभाळत आम्ही वाशीमला आलो.

मी रजेचा उरलेला दिवस आणि पुढचे कित्येक दिवस शाळा सुटल्यावर कचेरीत घालवले. वाशीमच्या कचेरीतल्या कारकुनाने सगळं ऐकून घेतलं आणि नकाशा काढला. नदीच्या मधोमध तुटक रेघ होती. “बाई, बांध दोन्ही काठांना लागलेला. म्हणजे अर्धा बांध आमच्याकडचा नाही. पलीकडच्या जिल्ह्याचं म्हणणं आल्याशिवाय आम्ही हात घालू शकत नाही.” पलीकडच्या जिल्ह्याकडून उत्तर आलं की गुरं घुसली ती वाडी अलीकडच्या काठाची, सबब त्यांचा संबंध नाही. राज्य एक झालं, नाका उठला, शिपाई गेले, आणि रेघ जशीच्या तशी. गुळाच्या ढेपेसाठी होती ती आता न्यायासाठी आहे. शेवटी कारकून कंटाळून म्हणाला, “पण बाई, यात तुमचं काय नुकसान झालं? वाडी तुमची होती का?”

“नदी माझी आहे,” मी म्हटलं.

त्याने मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि “पुढचा कोण?” म्हणून हाक मारली.

शाळेत मोठ्या बाईंनी मला बोलावून समज दिली. शिक्षिकेने असल्या भानगडीत पडू नये, पालक विचारतात. मी विचारलं, कोणते पालक? त्यांनी एका मुलीचं नाव घेतलं. मालकांच्या नात्यातली एक मुलगी आमच्या शाळेत आहे हे मला तेव्हा कळलं. पोरीचा यात काही दोष नाही, ती भूगोलात हुशार आहे.

मंडळी म्हणतात की प्रवासवर्णनाचा शेवट शांत असावा. निसर्गाने मन कसं निवलं, हे लिहावं. माझं मन निवलं नाही. पैनगंगा सुंदर आहे, पोहायला तिच्यासारखी नदी नाही, जरूर जा, बायकांनी तर खासच जावं. पण जाल तेव्हा वरच्या अंगाला कोण काय करून बसला आहे, तेवढं पाहून या.

वैशाखात एका आठवडी बाजारी मला पारबता दिसली. गोणपाटावर डांगरं आणि टरबुजं मांडून बसली होती, कडेला किसन फळं निवडून देत होता. मी धावतच गेले. खालच्या अर्ध्या वाडीचा माल आला होता. तिने सांगितलं की मालकांनी वाट बंद केली, म्हणून ही फळं त्यांनी नदीतून डोक्यावरून काढली आणि पलीकडच्या काठाने गाडीवर चढवली. पुढल्या सालापासून वाडी त्याच बाजूला. तिकडच्या एका शेतकऱ्याने वाट देऊ केली आहे.

“आणि त्याने पुन्हा बांध घातला तर?” मी विचारलं.

“घालंन तं पाहू,” ती म्हणाली. “आता पेंढी काढता येते आमाले.”

मी तिला कचेरीतलं सगळं सांगायला लागले. रेघ, अर्धा बांध, कारकून, मोठ्या बाई. माझा आवाज चढला, लोक वळून पाहायला लागले. पारबता टरबूज ठोकून ठोकून एका गिऱ्हाइकाला ऐकवत होती. ते गेल्यावर तिने माझ्याकडे नीट पाहिलं.

“तुमी अजून रागातच हा काय, बाई?”

“हो,” मी म्हटलं.

“राहा मंग,” ती म्हणाली, आणि पुढचं टरबूज उचललं. “आमाले कामातून येळ भेटत नाई. कोनी तं राहाले पायजे.”